पेटी बाजूला ठेवली तेव्हा

दिवाळीच्या फराळाबरोबर घरात गाणे हवेच. अशा वेळी वाद्ये बाजूला ठेवणाऱ्या संगीतकाराची गोष्ट सांगणे थोडे अवेळीच; तरी सांगतो.

१९३७ साली पुण्याच्या 'प्रभात'ने 'कुंकू' काढला. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरचा हा बोलपट, दिग्दर्शन व्ही. शांतारामांचे, संगीत केशवराव भोळ्यांचे. नीराचे लग्न फसवून एका म्हाताऱ्या वकिलाशी लावून दिले जाते आणि ती त्याला नवरा मानायचे साफ नाकारते. असल्या कथेत सारंगीला रडायला केवढा वाव! पण 'कुंकू'त पार्श्वसंगीत नाहीच. पडद्यावरच्या घरात, रस्त्यावर जो आवाज खरोखर होईल तेवढाच प्रेक्षकाच्या कानी पडावा, असे ठरले होते.

हे धाडस केवढे होते, ते आज चटकन ध्यानी येणार नाही. मूकपटाच्या काळीसुद्धा थिएटरात पेटी-तबला वाजत असे. मराठी बोलपट सुरू होऊन तर जेमतेम पाच वर्षे झाली होती, आणि प्रेक्षकांचे कान नाट्यसंगीतावर पोसलेले!

भोळ्यांचा पिंड मात्र पहिल्यापासून आवरून धरणाऱ्याचा. १९३३ च्या 'आंधळ्यांची शाळा' नाटकात त्यांनी तानबाजीला फाटा देऊन भावगीताच्या वळणाची पदे दिली. 'संत तुकाराम'मध्ये (१९३६) शांताराम आठवल्यांच्या एका गीताला त्यांनी अशी चाल लावली की, लोक ते तुकोबांचाच अभंग समजून बसले. चाल प्रसंगात विरघळून जावी, ती कोणी बांधली याची आठवणही होऊ नये, ही त्यांची हातोटी.

'कुंकू'त ती कसाला लागली. म्हाताऱ्याच्या घरातले ते भिंतीवरचे घड्याळ आठवा. तिथे सतारीची एक मींड घातली असती, तर आपण 'अरेरे' म्हणून मोकळे झालो असतो. टिकटिक आपल्याला मोकळे करीत नाही. त्या वकिलाचे किती दिवस उरले आणि नीराला या घरात किती काढायचे आहेत, याचा हिशेब ती दोघांच्या देखत करीत राहते.

गाण्यांनाही प्रसंगातच जागा शोधावी लागली. शांता आपटे गातात तेव्हा ग्रामोफोनची तबकडी समोर फिरत असते. मास्टर परशुरामचे गाणे रस्त्यावरच्या भिकाऱ्याच्या तोंडी येते. साथ कोठून आली, असा प्रश्नच पडू नये.

या प्रयोगाचे श्रेय सहसा शांतारामबापूंना देतात. दिग्दर्शक म्हणून ते योग्यच. पण आपल्या नावाचा चित्रपट आणि करुण प्रसंगी एकही सूर घालायचा नाही, हे पथ्य पाळायचे होते भोळ्यांना! गाणाऱ्याला गप्प बसणे किती जड जाते, हे ज्यांच्या घरी गाणारे माणूस आहे त्यांना विचारा.

पुढे १९४० साली 'संत ज्ञानेश्वर'ला भोळ्यांनीच संगीत दिले. तेथे वाद्ये पुन्हा आपल्या जागी येऊन बसली.