बेस वाजवणारा पीएचडी आणि नर्मदेचं गाणं

ज्यांना एपिसोड ऐकायला रेंज नाही किंवा बसमध्ये हेडफोन सापडत नाहीत, त्यांच्यासाठी हे लिखित रूप.

हेडफोन सापडले की एक काम करा. 'इंडियन ओशन' या बँडचं 'मा रेवा' हे गाणं आधी फोनच्या स्पीकरवर लावा, मग हेडफोन घालून ऐका. दुसऱ्या वेळी खालून जो घुमणारा आवाज येतो ना, तो बेस गिटारचा. चार तारा असतात. सगळ्यात जाड तार सेकंदाला साधारण ४१ वेळा थरथरते. फोनच्या एवढ्याशा स्पीकरला तो सूर झेपत नाही, म्हणून तो आपल्याला जवळपास ऐकूच येत नाही. पण काढून टाकला तर गाणं पोकळ वाटतं. आमच्या गुहागरकडे नमनात मृदंग थांबला की वाटतं, अगदी तसं.

हा बेस वाजवणारा माणूस म्हणजे राहुल राम. गातो, गाणी रचतो, आणि आधी रीतसर शास्त्रज्ञ झालेला आहे. दिल्लीच्या सेंट स्टीफन्समध्ये केमिस्ट्री, मग आयआयटी कानपूरला एमएस्सी, मग अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठातून पीएचडी. विषय, पर्यावरणातल्या विषारी पदार्थांचा अभ्यास. माझं नुसतं बीटेक झालं तर घरी पेढे वाटले होते. एवढं शिकलेला मुलगा परत येऊन काय करतो, तर थेट नर्मदेच्या खोऱ्यात जातो!

नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. सरदार सरोवर धरणाविरुद्ध नर्मदा बचाव आंदोलन पेटलं होतं. धरण गुजरातमध्ये, म्हणून आपल्याला ते लांबचं वाटतं. पण पाण्याखाली जाणाऱ्या गावांत महाराष्ट्रातली ३३ गावं होती, अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. त्यात मणिबेली अगदी पुढ्यात. राहुलने त्या दशकाची पहिली काही वर्षं या आंदोलनात काढली.

याच काळात, १९९१ मध्ये, तो इंडियन ओशनमध्ये आला. सुस्मित सेन आणि असीम चक्रवर्ती यांनी बँड आदल्याच वर्षी सुरू केला होता. पुढे ड्रम्सवर अमित किलम आला आणि चौघांची जोडी जमली. दिल्लीत करोलबागेतल्या एका जुन्या घरात ते तासन्‌तास वाजवत बसायचे आणि त्यातूनच गाणी तयार व्हायची.

आता गंमत बघा. २००० साली त्यांचा 'कंदिसा' हा अल्बम आला. शीर्षकगीत म्हणजे केरळच्या सीरियन ख्रिश्चनांची अरामाईक भाषेतली प्रार्थना. 'हिल्ले ले'चे शब्द गोरख पांडे या कवीचे. आणि 'मा रेवा' हे नर्मदाकाठचं लोकगीत, राहुलने खोऱ्यातून आणलेलं. रेवा म्हणजे नर्मदाच. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने धरणाचं काम पुढे न्यायला परवानगी दिली. भिंत वाढत गेली, गावं बुडाली. गाणं मात्र कॉलेजच्या हॉस्टेलांमध्ये पोचलं. मणिबेली नकाशावर कुठे आहे हे माहीत नसलेली पोरं ते गुणगुणायला लागली. त्यांतलाच मी एक.

मला हे उशिरा कळलं याची लाज वाटते, आणि त्याला कारण आहे. माझा जन्म १९९७ चा. त्याच वर्षी आमच्या गुहागर तालुक्यात एन्रॉनच्या दाभोळ वीज प्रकल्पाविरुद्ध आंदोलन जोरात होतं. नर्मदेच्या मेधा पाटकर इथल्या लढ्यातही उतरल्या होत्या. ३ जूनला पहाटे पोलिस वेलदूरच्या कोळीवाड्यात शिरले आणि बायकांना घरातून ओढून नेलं. ॲम्नेस्टी आणि ह्युमन राइट्स वॉच या दोन्ही संस्थांच्या अहवालांत याची नोंद आहे. १९९९ मध्ये प्रकल्प सुरू झाला, २००१ मध्ये बंद पडला आणि त्याच डिसेंबरात एन्रॉनचं दिवाळं वाजलं. हे सगळं मी वाचलं ते इंग्रजीत, लॅपटॉपवर, पुण्यात बसून.

मागच्या गणपतीत आजीला विचारलं, "तेव्हाचं एखादं गाणं आठवतं का गं?" ती म्हणाली, "गाणी होती रे. पण लिवून कोण ठेवतंय?"

राहुलने काय केलं, ते मला त्या क्षणी नीट समजलं. धरण त्याच्याने थांबलं नाही. पण तिथलं एक गाणं त्याने सोबत आणलं आणि खालून बेसचा आधार देऊन उभं केलं. खोऱ्याबाहेरच्या कानांपर्यंत ते पोचलं ते त्यामुळे.

पुढची गोष्ट थोडक्यात. 'ब्लॅक फ्रायडे' या सिनेमाचं संगीत त्यांचंच. २००९ च्या डिसेंबरात असीम गेला. बँड संपला असं वाटत असताना २०१० मध्ये '१६/३३० खजूर रोड' आला. नाव त्या करोलबागेतल्या घराच्या पत्त्याचं, आणि दर महिन्याला एक गाणं नेटवर फुकट! २०१३ मध्ये सुस्मितही बाहेर पडला. राहुल आणि अमित नव्या साथीदारांना घेऊन वाजवत राहिले. शिवाय राहुल 'ऐसी तैसी डेमोक्रसी'मध्ये वरुण ग्रोवर आणि संजय राजौरा यांच्याबरोबर राजकारणाची गाऊन टिंगल करतो, ते वेगळंच.

आता तुमच्याकडे एक मागणं. अंजनवेल, वेलदूर, गुहागर, आसपास कुठलेही असाल, तर घरातल्या आजी-आजोबांना त्या काळातलं गाणं, घोषणा, काहीही आठवतंय का विचारा. फोनवर रेकॉर्ड करा. अर्धवट आठवलं तरी चालेल. फक्त आज-उद्या करत बसू नका. माझी आजी ८४ वर्षांची आहे.

भेटू पुढच्या एपिसोडमध्ये.