उत्तर कोकणची किनाररेषा : गाळ, राजसत्ता आणि बांध

शूर्पारक, कल्याण आणि चेऊल ही अपरान्ताची प्राचीन बंदरे गाळाने बुजली व त्यामुळे लयास गेली, हे विधान कोकणच्या इतिहासावरील लेखनात इतके रूढ झाले आहे की, त्यास पुरावा देण्याची आवश्यकता सहसा कोणास वाटत नाही. विधान सर्वस्वी खोटे आहे असे नव्हे. तथापि त्यात तीन निरनिराळ्या घडामोडी एकत्र कालविल्या गेल्या आहेत : समुद्र व भूमी यांच्या परस्पर पातळीत झालेले बदल, नद्यांनी आणलेला गाळ, आणि मनुष्याने भरतीच्या पाण्यास घातलेले बांध. यांपैकी पहिल्या दोहोंची चर्चा पुष्कळ झाली. तिसऱ्याकडे मात्र इतिहासकारांचे लक्ष फारसे गेलेले नाही. तो विषय महसूल खात्याचा म्हणून सोडून देण्यात आला.

प्रथम भूमीचा विचार. सह्याद्रीचा कडा आणि समुद्र यांमधील अरुंद पट्टी बहुतांशी ज्वालामुखीजन्य काळ्या पाषाणाची आहे. नद्या आखूड आहेत व उताराच्या आहेत. चार महिन्यांच्या मुसळधार पावसात त्या जे काही वाहून आणतात ते खाडीच्या तोंडाशी भरतीच्या पाण्याला भेटते आणि तेथेच बसते. या खाड्या म्हणजे मुळात बुडालेली नदीखोरी होत. शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरात, सुमारे वीस हजार वर्षांपूर्वी, समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे १२० मीटर खाली होती. हिम वितळत गेले तसे पाणी चढले आणि खोऱ्यांच्या मुखांत शिरले. मुंबईस प्रिन्सेस गोदीचे खोदकाम चालू असता १८७८ च्या सुमारास चिखलाखाली खैराच्या वृक्षांचे एक बुडालेले अरण्यच उघडे पडले. त्यांतील कित्येक खोड मुळांसह जागच्या जागी उभे होते. म्हणजे जेथे पुढे आगबोटी नांगरल्या तेथे एके काळी कोरडे रान होते. उलटपक्षी, ज्यास कोकणात करल म्हणतात तो शिंपा व वाळू यांचा घट्ट झालेला खडक उत्तर कोकणच्या किनाऱ्यावर काही ठिकाणी भरतीच्या रेषेच्या वर आढळतो, आणि तो नेमकी उलट साक्ष देतो. एकाच किनाऱ्यावर दोन्ही प्रकारचे पुरावे मिळत असल्यामुळे ‘समुद्र हटला’ किंवा ‘भूमी खचली’ असे सरसकट म्हणणे धाडसाचे ठरेल. परशुरामाने समुद्र मागे सारून ही भूमी मिळविली, ही कथा भूस्तरशास्त्राचा पुरावा म्हणून पुढे करण्याचा मोह काही लेखकांना झालेला आहे; तो आवरणेच बरे.

आता बंदरांकडे वळावे. सोपारे हे वैतरणा आणि वसईची खाडी यांच्या दरम्यान वसलेले. पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी १८८२ मध्ये तेथील बुरूड राजाच्या कोटाचा स्तूप उघडला; त्याच वर्षी अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा तेथे सापडला. पुढे १९५६ मध्ये जवळच्या भुईगाव येथे नवव्या लेखाचा तुकडा मिळाला. गावाचे महत्त्व यावरून निःसंशय ठरते. वसईचा पश्चिम भाग मुख्य भूमीपासून अलग करणारी खाडी आज एखाद्या ओहोळासारखी झाली आहे, आणि सोपाऱ्यापुरती गाळाची उपपत्ती बव्हंशी मान्य करावी लागते.

परंतु कल्याणची गोष्ट वेगळी आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका अनामिक ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’मध्ये कल्याणचा उल्लेख येतो, आणि तो फार बोलका आहे. थोरल्या सारगनच्या काळी हे अधिकृत व्यापारपेठेचे बंदर होते. पुढे ते सांदनाच्या ताब्यात गेल्यावर तेथील व्यापारात अडथळे आले, आणि चुकून तेथे आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जात, असे तो सांगतो. हे सातवाहन आणि क्षत्रप यांच्या झगड्याचे चित्र होय, असे बहुतेक अभ्यासक मानतात. उल्हास नदीचे पाणी तेव्हा उथळ झाले होते असा एक शब्दही त्या ग्रंथात नाही. कल्याणच्या अवनतीचा हा पहिला लिखित दाखला. त्याचे कारण सर्वस्वी राजकीय आहे.

चेऊलचीही तीच कथा, केवळ उशिरा घडलेली. अल्-मसूदीने हिजरी ३०४ मध्ये, म्हणजे इ. स. ९१६ च्या सुमारास, सैमूर येथे सुमारे दहा हजार मुसलमानांची वस्ती असल्याचे नमूद केले आहे. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी रेवदंड्यास कोट उभारला. १७४० मध्ये तो मराठ्यांकडे आला. तोवर मुंबईचे आकर्षण वाढू लागले होते, व्यापारी तिकडे सरकत होते. कुंडलिकेची खाडी पार बुजली असती, तर समोरच्या साळाव येथील धक्क्याला आजच्या काळात मालाचे बार्ज कसे लागले असते? जहाजांचे आकार वाढले आणि उथळ मुखे निरुपयोगी ठरली, हा आक्षेप योग्यच आहे; पण तेव्हा बदल पाण्यात झाला नव्हे, जहाजात झाला असे म्हणावे लागेल.

बांधांचा प्रश्न येथेच उपस्थित होतो. पेण, अलिबाग, पनवेल, उरण या भागांतील खारेपाट म्हणजे समुद्रापासून मिळविलेली भूमी. तिवरांनी भरलेल्या खाजणाभोवती मातीचा बांध घालावयाचा, त्यात उघाडी ठेवावयाची म्हणजे ओहोटीस आतील पाणी निघून जावे व भरतीस बाहेरचे आत येऊ नये. पावसाच्या पाण्याने काही वर्षे क्षार धुऊन निघाला की तेथे राता नावाचा तांबूस भात पिकतो. ज्यांनी असे बांध घातले त्यांना शिलोत्रदार म्हणत. बांधाच्या दुरुस्तीसाठी कुळांकडून धान्याच्या रूपाने हक्क वसूल करण्याचा त्यांचा अधिकार होता. खाडीवर या उद्योगाचा परिणाम दूरवर पोचतो. भरतीच्या वेळी जे पाणी खाजणावर पसरत असे ते आता बाहेरच अडते. आत शिरणाऱ्या पाण्याचे प्रमाण घटले की ओहोटीचा वेगही मंदावतो, आणि पूर्वी ज्या प्रवाहाने तळ खरवडून साफ होत असे तो दुबळा पडून गाळ बसू लागतो. तात्पर्य, ज्यास आपण निसर्गाचा गाळ म्हणतो त्याचा काही भाग भाताच्या एकेका खाचरामागे मोजावा लागतो. मुंबई बेटांची जोडणी हे याच प्रक्रियेचे सर्वांत विशाल उदाहरण होय. १७८४ मध्ये पूर्ण झालेल्या हॉर्नबी वेलार्डने महालक्ष्मी व वरळी यांमधील खिंड बंद केली. माहीमच्या खाडीवरील पूल १८४५ चा. तो इतिहास वारंवार सांगितला गेल्यामुळे येथे विस्तार नको.

बांध घातला की तो राखावा लागतो. हे काम एका शेतकऱ्याचे नव्हे. एका ठिकाणी खांड पडली तर गावच्या गाव खाऱ्या पाण्याखाली जाते. जमीनधारक आणि कुळे यांचे संबंध बिघडले की त्याची झळ प्रथम बांधास लागते. १९३३ ते १९३९ पर्यंत अलिबाग तालुक्यातील चरी येथे नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी खोतांविरुद्ध संप केला. तो याच खारेपाटात. न्याय कुळांच्या बाजूने होता, यात शंका नाही. तथापि खोती गेली तेव्हा बांधाची जबाबदारी कोणाची, या प्रश्नाचे उत्तर सहजासहजी मिळाले नाही. १९४८ मध्ये कूळकायद्याबरोबरच मुंबई खारभूमी कायदा झाला तो याचसाठी. पुढे १९७९ मध्ये महाराष्ट्र खारभूमी विकास अधिनियम आला आणि बाहेरचे मोठे बांध शासनाने राखावे अशी व्यवस्था झाली.

ती व्यवस्था जेथे तोकडी पडली तेथे समुद्राने आपला जुना हक्क पुन्हा बजावला. खांड वेळेवर बुजविली नाही की दोन-तीन पावसाळ्यांत खाचरात तिवराचे कोंब दिसू लागतात. दहाएक वर्षांत तेथे दाट वन होते. आणि मुंबई उच्च न्यायालयाच्या २००५ व २०१८ च्या आदेशांनी तिवरांना संरक्षण मिळाल्यामुळे ते तोडून पुन्हा शेती करणे दुरापास्त ठरते. मत्स्यबीजाच्या आणि वादळी लाटांपासूनच्या बचावाच्या दृष्टीने ते योग्यही आहे. परंतु सात-बाराच्या उताऱ्यावर ती जमीन भाताचीच राहते. कागदावर किनारा बांधापाशी आहे, प्रत्यक्षात तो कित्येकदा गावाच्या वेशीपाशी आला आहे. या दोन रेषांमधील अंतर तालुक्यागणिक, गावागणिक मोजून नकाशावर मांडण्याचे काम इतिहास व भूगोल या दोन्ही विभागांनी मिळूनच करावयास हवे. त्यासाठी लागणारी शिलोत्रदारांची दप्तरे, जुन्या पाहणीचे नकाशे आणि बांधांच्या दुरुस्तीचे हिशेब जेथे शिल्लक असतील तेथे प्रथम ते हाती घ्यावेत. पेरिप्लसवरील आणखी एक टीप त्यानंतर लिहिली तरी चालेल.