बालकांची अपघात नुकसानभरपाई, भारतातील
रस्त्यावरील वाहन-अपघातात इजा झालेल्या अज्ञान (१८ वर्षांखालील) व्यक्तीस विधीनुसार मिळणारा द्रव्यरूप मोबदला. प्रौढ व्यक्तीच्या बाबतीत बुडालेल्या मिळकतीवरून भरपाईचा हिशोब मांडता येतो. बालकाची मिळकतच नसल्याने हा हिशोब कोठून सुरू करावयाचा, हा या विषयातील मूळ प्रश्न होय. त्याला मिळालेली उत्तरे दीर्घकाळ तोकडीच राहिली.

अपघाती मृत्यूबद्दल भरपाई मागण्याचा हक्क इंग्लंडमध्ये १८४६च्या लॉर्ड कॅम्बेल यांच्या अधिनियमाने व भारतात १८५५च्या अधिनियमाने मृताच्या जवळच्या नातलगांस दिला. तेथे मोजावयाचे ते नातलगांचे आर्थिक नुकसान. साहजिकच, चार वर्षांहूनही लहान मुलाच्या मृत्यूबद्दल बापाने केलेला दावा १९२१ मध्ये एका इंग्लिश न्यायालयाने फेटाळला. एवढ्या लहान मुलाकडून पुढे काही प्राप्ती झाली असती, हे केवळ अनुमान ठरले. जखमी बालकाची गोष्ट निराळी आहे. त्याचा दावा त्याचा स्वतःचा असतो व तो वादमित्रामार्फत अपकृत्य विधीखाली दाखल करता येतो. हा भेद तत्त्वतः स्पष्ट असला, तरी व्यवहारात तो पुष्कळदा पुसला गेला.

१९३९च्या मोटार वाहन अधिनियमाने त्रयस्थाच्या जोखमीचा विमा सक्तीचा केला. ते प्रकरण १ जुलै १९४६ पासून अंमलात आले. १९५६च्या दुरुस्तीने दावा न्यायाधिकरणांची तरतूद झाली आणि दिवाणी न्यायालयातील खर्चिक मार्ग टळला. तरीही चालकाची हयगय सिद्ध करणे भागच होते. चेंडूमागे धावत रस्त्यावर आलेल्या मुलाच्या खटल्यात हे फार अवघड जाई. लहान मुलाकडून प्रौढाइतक्या सावधपणाची अपेक्षा धरता येत नाही, हे तत्त्व न्यायालयांस मान्य होते. पण त्यामुळे चालकाचा दोष आपोआप सिद्ध होत नसे. १९८२च्या दुरुस्तीने दोषनिरपेक्ष दायित्व आणले. कायम अपंगत्वास ७,५०० रुपये, आणि जखमीची स्वतःची चूक असली तरी ही रक्कम कमी करावयाची नाही, अशी ती तरतूद होती. पुढे १९८८च्या अधिनियमात १२,००० व १९९४ मध्ये २५,००० रुपये असा हा आकडा वाढत गेला.

१९९४ मध्येच दुसरी अनुसूची जोडण्यात आली. तिने न कमावणाऱ्या व्यक्तीचे काल्पनिक वार्षिक उत्पन्न १५,००० रुपये धरले. पंधरा वर्षांपर्यंतच्या वयास गुणक १५ होता. म्हणजे पूर्णतः अपंग झालेल्या मुलाची भावी मिळकत २,२५,००० रुपयांत संपली. याच कोष्टकात २५ ते ३० वयोगटास १८ हा गुणक होता. ज्याचे सारे आयुष्य पुढे आहे त्याचा गुणक लहान ठरावा, ही विसंगती कोणत्याही तर्काने समर्थनीय नाही. शिवाय १५,००० हा आकडा वर्षानुवर्षे तसाच राहिला.

२०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बालकांसाठी अपंगत्वाच्या प्रमाणानुसार रकमा सुचविल्या : १० टक्क्यांपर्यंत १ लाख, त्यापुढे ३० टक्क्यांपर्यंत ३ लाख, ६० पर्यंत ४, ९० पर्यंत ५ व त्याहून अधिक असल्यास ६ लाख रुपये, औषधोपचार व परिचारकांचा प्रत्यक्ष खर्च वेगळा. यात एकसूत्रता होती, पण ९० टक्क्यांवरील अपंगत्व व १० टक्क्यांचे अपंगत्व यांतील खरे अंतर तिच्यात सामावत नव्हते. खरा पालट २०२० मध्ये झाला. हरियाणातील एक मुलगी २००७ मध्ये बारा वर्षांची असताना मेंदूला इजा होऊन कायमची परावलंबी झाली. तिची बौद्धिक पातळी नऊ महिन्यांच्या अर्भकाएवढी राहिली. न्यायाधिकरणाने सुमारे ११ लाख व उच्च न्यायालयाने सुमारे २५ लाख ७८ हजार रुपये दिले होते. सर्वोच्च न्यायालयाने कुशल कामगाराचे किमान वेतन हे उत्पन्न मानले, भवितव्यासाठी त्यात ४० टक्के वाढ धरली, १८ हा गुणक लावला; परिचारकांच्या खर्चासही तोच गुणक लावून एकूण रक्कम ६२ लाख २७ हजार रुपये ठरविली. विवाहसुख गमावल्याबद्दलही तीत वेगळी रक्कम होती. २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने अज्ञान जखमींच्या सर्व दाव्यांत राज्यातील कुशल कामगाराचे किमान वेतन आधारभूत धरावे, असे निर्देश दिले.

मिळालेली रक्कम मुलाच्याच कामी यावी, ही दक्षताही न्यायालयांनी घेतली. गुजरात उच्च न्यायालयाने १९८२ मध्ये घालून दिलेली मार्गदर्शक तत्त्वे पुढे सर्वोच्च न्यायालयाने स्वीकारली. त्यांनुसार ही रक्कम मूल सज्ञान होईपर्यंत मुदतठेवीत ठेवावयाची असते. मुलाच्या हितासाठी पालकास त्यातून खर्चापुरते पैसे काढता येतात.

दावा दाखल करण्याची सहा महिन्यांची मुदत १९९४च्या दुरुस्तीने रद्द झाली होती. मेंदूच्या इजेचे परिणाम कित्येकदा मूल शाळेत जाऊ लागल्यावरच ध्यानात येतात. त्यामुळे बालकांस ही सवलत विशेष मोलाची होती. २०१९च्या दुरुस्तीने तीच मुदत पुन्हा घातली व ती १ एप्रिल २०२२ पासून अंमलात आली. त्याच दुरुस्तीने गंभीर दुखापतीसाठी दोषनिरपेक्ष भरपाई अडीच लाख रुपये झाली.