साथ तबकडीवरून येते
साल 1937. तुम्ही गुलबर्गा स्टेशनात उभे आहात. पाटीवर कलबुर्गी हे नाव यायला अजून पुष्कळ अवकाश आहे. बिदरहून हुमनाबादमार्गे इथं येणारी रेल्वेही 80 वर्षांनी धावणार, म्हणून भालकीपासून मोटारीनं धूळ खात आलात. खिशातला निजामाचा हाली रुपया पुण्यात चालायचा नाही. इंग्रजी राजवटीचे कलदार करून घ्या. सोलापूर, दौंड आणि मग पुणे.

टॉकीजमध्ये 'कुंकू' लागलाय. प्रभातचा बोलपट, दिग्दर्शक व्ही. शांताराम, कथा ना. ह. आपट्यांची, संगीत केशवराव भोळ्यांचं. गेल्याच वर्षी भोळ्यांच्या चालींनी 'संत तुकाराम' घरोघरी पोचला. तेव्हा टाळ-पखवाज ऐकायच्या तयारीनंच तुम्ही बसता.

दिवे मालवतात. नीरेचं लग्न फसवून म्हाताऱ्या वकिलाशी लावून दिलंय. नीरा झालेल्या शांता आपटे समोर उभ्या, नजरेत अंगार. त्यांच्यापुढं तो वकील, काकासाहेब, म्हणजे केशवराव दाते. आता सारंगी गळा काढणार, असं तुम्हाला वाटतं. पण ती वाजतच नाही. घड्याळाचा ठोका पडतो, पावलं वाजतात, बस्स. पुढं नीरा गाते तेव्हा ग्रामोफोनची तबकडी फिरताना दिसते आणि साथ त्या तबकडीवरून येते. त्या घरात, त्या गल्लीत जे वाजेल तेवढंच तुमच्या कानी पडतं. सबंध बोलपटात पार्श्वसंगीत नाही. नीरेची बाजू घ्यायची की काकासाहेबांची कीव करायची, हे सांगायला एकही वाद्य पुढं येत नाही. ते तुमचं तुम्हीच ठरवायचं. मला हा प्रेक्षकाचा फार मोठा मान वाटतो.

भोळ्यांना वाद्यांचं वावडं नव्हतं. 1933च्या 'आंधळ्यांची शाळा' नाटकात त्यांनी पियानो, व्हायोलिन असली साथ रंगभूमीवर आणली. 'एकलव्य' या नावानं ते गाण्यावर लिहायचे. हाताशी सगळं असताना ते थांबले. संगीतकाराच्या कामात वाजवणं जितकं, तितकंच कुठं वाजवायचं नाही हे ठरवणंही येतं.

आता 48 वर्षं पुढं आणि थेट जपान. कुरोसावांचा चित्रपट 'रान', संगीत तोरू ताकेमित्सूंचं. किल्ला जळतोय, बाण लागून माणसं पडताहेत, आणि किंकाळी नाही, टापांचा आवाज नाही. ऐकू येतो तो फक्त ताकेमित्सूंचा वाद्यवृंद, संथ आणि शोकाकुल. अचानक बंदुकीचा बार होतो आणि लढाईचा सगळा गदारोळ तुमच्या अंगावर येतो. भोळ्यांनी संगीत काढून घेतलं होतं, इथं जगाचे आवाजच काढून घेतलेत. दोन्हीकडं तुम्ही खुर्चीत पुढं सरकून बसता.

'रान'मधल्या त्या लढाईचं जगभर कौतुक होतं, आणि ते रास्तच आहे. पण 'अयोध्येचा राजा'पासून मराठी पडदा बोलू लागला तो 1932मध्ये. पाचच वर्षांत भोळे आणि शांताराम इथवर पोचले होते. त्या कामाचं नावही ताकेमित्सूंच्या बरोबरीनं घेतलं जायला हवं.