कार्बन पेपर ते टोकन

गेल्या शनिवारी चाकणला एका छोट्या व्हेंडरकडे गेलो होतो (नाव नको!). माल भरलेला टेम्पो गेटवरच उभा. बिलावर क्यूआर कोडच नाही! पोर्टलचं टोकन ६ तास चालतं, त्यांचं क्लाउडवरचं सॉफ्टवेअर नवं मागतच नव्हतं.

ही ई-इन्व्हॉइसची जोडणी १ ऑक्टोबर २०२० ला आली, तेव्हा फक्त ५०० कोटींवरच्या उलाढालीला. मर्यादा उतरत १ ऑगस्ट २०२३ ला ५ कोटींवर आली, आणि भोसरी-चाकणचे वर्कशॉपवालेही एपीआयच्या जगात आले. जेसन पाठवा, ६४ अक्षरी आयआरएन घ्या. त्याशिवाय बिल ग्राह्यच नाही. मोठ्यांकडे आयटी खातं असतं हो, इथे अकाउंटंट काका एकटेच.

असो. टोकन मिळालं, टेम्पो सुटला. काका म्हणाले, "पूर्वी कार्बन पेपर संपला तर कोपऱ्यावरून आणायचो."