उंबराचे फूल आणि ‘वनस्पती’ हा शब्द

विष्णुसहस्रनाम आपल्यापैकी पुष्कळांच्या नित्यपाठात आहे. त्यात आठशे नावे मागे पडल्यावर न्यग्रोध, उदुंबर आणि अश्वत्थ ही भगवंताची तीन नावे एकापाठोपाठ एक येतात. न्यग्रोध म्हणजे वड, उदुंबर म्हणजे उंबर आणि अश्वत्थ म्हणजे पिंपळ. आचार्यांनी या नावांचे निराळे अर्थही सांगितले आहेत. पण साध्या माणसाच्या डोळ्यांपुढे ही तीन झाडेच उभी राहतात.

या तीन नावांवर मी कीर्तनात वर्षानुवर्षे एक दृष्टांत देत आलो. म्हणायचो, ‘मंडळी, या तिन्ही झाडांना फूल येत नाही, थेट फळ येते. शास्त्राने अशा झाडालाच वनस्पती म्हटले आहे. आंबा आधी मोहराचा थाट करतो, मग फळ देतो. वनस्पती थाट न करता फळ देते. भक्ती अशी असावी.’ लोक माना डोलवायचे, टाळकरी विठ्ठलनामाचा गजर करायचे आणि मी पुढच्या चरणाकडे वळायचो.

काही वर्षांपूर्वी एका गावच्या सप्ताहात हेच सांगितले. कीर्तन संपल्यावर एक मुलगी पाया पडायला आली. शेतकऱ्याघरची, कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकणारी. म्हणाली, ‘महाराज, रागावणार नसाल तर एक विचारते. वनस्पती म्हणजे सगळीच झाडेझुडपे ना? आणि उंबराला फूल नसते, हे कोणी सांगितले?’ मी म्हणालो, ‘बाळ, शास्त्रात आहे.’ ती काही बोलली नाही. सकाळी मात्र ओंजळभर कच्ची-पिकी उंबरे आणि एक भिंग घेऊन आली. विळीवर एक उंबर उभे चिरले आणि माझ्यापुढे धरले. आतल्या भिंतीला दाटीवाटीने बारीक बारीक दाणे चिकटलेले होते. ‘महाराज, ही फुलेच आहेत. एका उंबरात शेकड्यांनी असतात. झाड ती बाहेर काढत नाही, इतकेच.’

मी निरुत्तर झालो. जे इतकी वर्षे व्यासगादीवरून सांगितले ते चूक होते की काय, ही टोचणी घेऊन घरी आलो आणि जुने ग्रंथ पुन्हा काढले. त्यातून जे हाती आले ते आपल्यापुढे ठेवतो.

आधी त्या मुलीचा पहिला प्रश्न घेऊ. वनस्पती म्हणजे कोण? वन आणि पती मिळून हा शब्द झाला, मध्ये सकार आला. अर्थ वनाचा स्वामी. ऋग्वेदात हा शब्द मोठ्या वृक्षाला लावलेला आहे, तसाच यज्ञातल्या यूपाला, म्हणजे खांबालाही लावलेला आहे. कारण तो खांब वृक्षाचाच असे. वेदातल्या बहुतेक शब्दांत एकच स्वर उदात्त असतो. वनस्पती या शब्दात वन आणि पती या दोहोंचेही उदात्त टिकून राहतात. पाणिनीला ही गोष्ट इतकी महत्त्वाची वाटली की अशा शब्दांच्या गणालाच त्याने वनस्पतीचे नाव दिले.

अथर्ववेदात वनस्पती, वानस्पत्य, ओषधी आणि वीरुध हे चार शब्द शेजारी शेजारी येतात. आपण शांतिपाठ म्हणतो त्यातही ओषधींची शांती वेगळी आणि वनस्पतींची वेगळी मागितलेली आहे. जिथे दोन शब्द जोडीने, पण निराळे उच्चारले जातात, तिथे त्यांचे अर्थही निराळे असले पाहिजेत.

ते अर्थ पुढे वैद्यांनी बांधून दिले. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात पहिल्याच अध्यायात चार वर्ग सांगितले आहेत. ज्याला नुसते फळ दिसते ती वनस्पती. ज्याला फूल येऊन मग फळ येते तो वानस्पत्य. फळ पिकले की जी संपते ती ओषधी. जी पसरत जाते ती वीरुध. सुश्रुतही हेच चार वर्ग मानतो, फक्त वानस्पत्याच्या जागी साधा वृक्ष हा शब्द घालतो. मनुस्मृतीच्या पहिल्या अध्यायात आणि अमरकोशाच्या दुसऱ्या कांडात वनस्पतीचे लक्षण हेच आहे : फुलावाचून फळणारे झाड.

म्हणजे आपल्या रानातली ज्वारी, बाजरी आणि भात या ओषधी. कणीस पिकले की ताट वाळले. आंबा, जांभूळ आणि चिंच हे वानस्पत्य. वड, उंबर, पिंपळ या वनस्पती. आज आपण ‘औषधी वनस्पती’ असे सहज बोलून जातो. जुन्या वैद्याने ते ऐकले असते तर तो म्हणाला असता, ‘ओषधी सांगताय की वनस्पती? दोन्ही एकदम कसे?’

आपल्या संप्रदायाला जवळचा आधार भागवताचा. तिसऱ्या स्कंधात मैत्रेय ऋषी विदुराला सृष्टीचा क्रम सांगतात. तिथे स्थावरांचे सहा प्रकार येतात : वनस्पती, ओषधी, लता, त्वक्सार, वीरुध आणि द्रुम. श्रीधरस्वामींच्या टीकेतही वनस्पती म्हणजे फुलाविना फळणारी आणि द्रुम म्हणजे फुलातून फळणारा, असाच भेद आहे. त्वक्सार म्हणजे ज्याचे सार सालीत आहे तो वेळू. आपल्या पताकेची काठी त्याचीच. याच ठिकाणी या सर्वांविषयी म्हटले आहे की, त्यांचा अन्नरस खालून वर चढतो आणि त्यांना आतल्या आत स्पर्श कळतो. झाडाला सोयरा मानणाऱ्या वारकऱ्याला हे वेगळे सांगायला नको.

पुढे लोकांच्या तोंडी वनस्पती हा शब्द पसरत गेला. गवत, वेल, झुडूप, शेवाळ, सगळे त्यात आले. शाळेत वनस्पतिशास्त्र आले, किराणा दुकानात वनस्पती तूप आले. त्यात वाईट काही नाही. शब्द नदीसारखा असतो, वाटेत ओढे मिळतात आणि पात्र रुंदावते. मात्र आजचा अर्थ धरून जुना ग्रंथ वाचला तर घोटाळा होतो. ती मुलगी आजच्या अर्थाने बोलत होती, मी जुन्या. इथवर दोघेही बरोबर होतो.

आता दुसरा प्रश्न. उंबराला फूल नाही, हे खरे की खोटे?

डोळ्यांनी पाहिले ते खरे मानलेच पाहिजे. उंबर, वड, पिंपळ यांचे ज्याला आपण फळ म्हणतो तो खरे तर आत मिटलेला फुलोरा आहे. त्याच्या टोकाला एक बारीक छिद्र असते, तेही खवल्यांनी जवळजवळ बंद. त्यातून चिलटाएवढी एक माशी अंग घासत आत शिरते. शिरताना पुष्कळदा तिचे पंखही मोडतात. दुसऱ्या उंबरातून आणलेले पराग ती आतल्या फुलांना लावते, काही फुलांत अंडी घालते आणि बहुधा तिथेच प्राण सोडते. तिची पिले आतच वाढतात. नरांना पंख नसतात. ते बाहेर पडायची वाट कोरून देतात आणि माद्या पराग घेऊन दुसऱ्या झाडाकडे उडतात. वडाची माशी वेगळी, पिंपळाची वेगळी, उंबराची वेगळी. ती आली नाही तर या झाडांना बी धरत नाही.

हे समजल्यावर मी पुन्हा अमरकोश उघडला. तिथे उंबराचे एक नाव आहे जंतुफल. म्हणजे फळातले जीव जुन्या लोकांनी पाहिलेले होते. आपल्या आयाबायांनीही पाहिले होते, म्हणून तर त्यांना केंबरे असे नाव पडले आणि उंबर फोडून केंबरे काढू नयेत अशी म्हण झाली. संस्कृत कोशांत पिंपळाचे आणखी एक नाव सापडते, ते वाचून मी पुस्तक तसेच मांडीवर ठेवून बसलो. ते नाव आहे गुह्यपुष्प. ज्याचे फूल गुप्त आहे तो. फूल नाही, असे हा शब्द म्हणत नाही. फूल आहे आणि ते झाकलेले आहे, असे म्हणतो.

ज्याने हे नाव दिले त्याने पिंपळाचे फळ चिरून पाहिले होते, की फुलाविना फळ कसे येईल असा विचार करून ते योजले, हे त्या एका शब्दावरून ठरवता येणार नाही. म्हणून दोन टोके टाळावीत. आपल्या पूर्वजांना या माशीची सगळी कथा ठाऊक होती, अशी बढाई मारू नये. त्यांना काहीच कळत नव्हते, असेही म्हणू नये. त्यांनी एक वर्ग पाडला आणि तो बरोबर पडला. वड, उंबर, पिंपळ, पिंपरी ही एकाच कुळातली झाडे आहेत हे आजचे शास्त्रही सांगते. कारण मात्र त्यांनी बाहेरून दिसले तेवढेच दिले. वर्ग बरोबर, कारण अपुरे. कारण पुरे करण्याचे काम त्या मुलीसारख्यांचे आहे आणि ते तिने केले.

शब्दापाशी थांबून तो उघडून पाहावा, ही शिकवण आपल्याला माउलींचीच आहे. शके १२१२ मध्ये नेवाशाला ज्ञानेश्वरी सांगताना पंधराव्या अध्यायात ते अश्वत्थ या शब्दापाशी थांबले. उद्यापर्यंतही जो एकसारखा टिकत नाही तो अश्वत्थ, असे त्यांनी उलगडून दाखवले. वर मूळ आणि खाली फांद्या असलेले ते संसाराचे झाड. मी मात्र वनस्पती शब्दाची व्याख्या पाठ केली आणि उंबर कधी फोडून पाहिले नाही.

आता आळंदीला गेलो की दोन झाडांना वेगळ्या नजरेने नमस्कार घडतो. सिद्धेश्वरापुढचा सुवर्णपिंपळ, ज्याला रुक्मिणीमातेने प्रदक्षिणा घातल्या असे आपण परंपरेने मानतो, तो जुन्या शास्त्राने वनस्पती. समाधीजवळचा अजानवृक्ष, ज्याची मुळी माउलींच्या कंठाला लागली आणि नाथमहाराजांनी येऊन ती दूर केली असे सांगतात, तो भोकराच्या जवळच्या कुळातला. त्याला लहान पांढरी फुले येतात, म्हणून तो वानस्पत्य. एक आपले फूल झाकतो, एक दाखवतो, आणि दोघांची सावली माउलींच्याच अंगणात पडते. देहूची नांदुरकी वडाच्या कुळातली, म्हणून तीही वनस्पती.

आणखी एक गोष्ट त्या मुलीने जाता जाता सांगितली होती. ही माशी थोडेच दिवस जगते. तिची जात टिकायची तर आसपासच्या कोणत्या ना कोणत्या झाडावर उंबरे लागलेली हवीत. म्हणून ही झाडे सगळी एकाच ऋतूत फळत नाहीत. एकाचे संपले की दुसऱ्याचे लागते. रानात दुसरे काही पिकलेले नसते तेव्हा पाखरांना वड आणि उंबरच पोसतात. वारीच्या वाटेवर ज्या वडांखाली आम्ही विसावा घेतला, त्यांतले पुष्कळ रस्ता रुंद होताना गेले. रस्ता हवा, वारकऱ्यांचीच सोय झाली. पण त्या जागी झाड लावायची पाळी आपल्या दिंडीवर किंवा गावावर येईल, तेव्हा फुलांच्या शोभेकडे पाहून निवडू नये. चार झाडांत एक तरी वनस्पती असावी, जुन्या अर्थाने वनस्पती.

गळ्याने साथ सोडली तशी माझी कीर्तने थांबली. त्या मुलीची भेट झाल्यानंतर मात्र जेवढी झाली, त्यांत मी तो दृष्टांत बदलून सांगितला. आधी कबुली दिली : ‘मंडळी, आजवर मी या झाडांना फूल नसते असे सांगत आलो. ते माझे चुकले. फूल असते, आत असते, आणि त्याच्यापर्यंत पोहोचायचे तर पंख बाहेर ठेवून शिरावे लागते.’ पहिल्यांदा हे म्हणताना जीभ जड झाली होती. पण मंडळींनी माना पूर्वीसारख्याच डोलवल्या आणि टाळकऱ्यांनी पूर्वीपेक्षा मोठा गजर केला.

भगवंताने नवव्या अध्यायात आपल्या विद्येला राजगुह्य म्हटले आहे. गुह्य म्हणजे नसलेले नव्हे. ज्याची भक्ती आपल्याला दिसत नाही, त्याच्याविषयी याच्यात काही नाही, असे म्हणण्याआधी आता मी थांबतो आणि मला ते कापलेले उंबर आठवते.

पुंडलिक वरदा हरि विठ्ठल.