गुर्वक्षर
गुर्वक्षर : ध्वनीवरून ठरवलेले भारतीय ज्योतिषातील कालमापनाचे एकक. आर्यभटीयात ६० गुरू अक्षरे उच्चारण्याचा काळ म्हणजे एक विनाडी, अर्थात पळ. ६० पळांची घटिका (२४ मिनिटे), ६० घटिकांचे अहोरात्र. या हिशेबाने एक गुर्वक्षर ०.४ सेकंदाचे. कोणतेही यंत्र हाताशी नसताना नुसत्या कंठाने क्षण बांधण्याची ही युक्ती कालमापनाच्या इतिहासात फार मोलाची आहे. देवगिरीच्या सिंघण यादवाच्या आश्रयाला असलेल्या शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकरा’त तालाची मात्राही अशीच, पाच लघु अक्षरांच्या उच्चाराने बांधली.

मोठ्या कालखंडासाठी घटिकापात्र असे. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी घंगाळातील पाण्यावर सोडत; ती भरून बुडाली की घटिका झाली. लग्नात मुहूर्ताची घटिका भरेपर्यंत मंगलाष्टके चालत आणि मगच अंतरपाट दूर होई.

उज्जयिनीवरून जाणारी मध्यरेखा हा प्राचीन कालगणनेचा आधार. ती वाशीम (प्राचीन वत्सगुल्म) येथील मध्यमेश्वर मंदिरावरून जाते, अशी स्थानिक परंपरा आहे. प्रत्यक्षात वाशीम उज्जैनच्या रेखांशापेक्षा एका अंशाहून अधिक पूर्वेला आहे.